सीपी जास्त, तारे कमी: यातला कोणता मशॅम्प पोसायचा?

पारिजात

नमस्कार मंडळी. पोकेमॉन गो बरेच महिने खेळतेय, पण आजवर नुसतं दिसेल ते पकडायचं आणि साठवायचं एवढंच केलं. आता भाच्याने रेडमध्ये (अनेकांनी मिळून एका तगड्या पोकेमॉनशी, म्हणजे बॉसशी लढायचं) ओढलंय आणि तिथे एक तरी दणकट मशॅम्प (हा फायटिंग प्रकारचा पोकेमॉन) हवा असा त्याचा आग्रह आहे. माझ्याकडे दोन आहेत. दोघांवरून आमचं रोज वाजतं.

पहिला: सीपी (गेम दाखवतो तो ताकदीचा आकडा) २०२९, एचपी (जीव) १४५. अप्रेझ केल्यावर (गेमकडून जोखून घेतल्यावर) एकच तारा. बार मोजले तर हल्ला ३, बचाव १०, एचपी ११. मशॉप (मशॅम्पचं लहान रूप) म्हणून बाहेर सापडला होता, कँड्या घालून त्याचा मशॅम्प केला. पॉवर अपचं (लेव्हल वाढवायचं) बटण ४००० स्टारडस्ट (गेममधलं चलन) मागतंय.

दुसरा: सीपी १७३१, एचपी १३१. तीन तारे. हल्ला १४, बचाव १५, एचपी १३. हा अंड्यातून निघाला. पॉवर अपला २५०० मागतो. दोघांनाही मी अजून एकदाही पॉवर अप केलेलं नाही.

भाचा म्हणतो, "मावशी, तो एक तारावाला आत्ताच्या आत्ता प्रोफेसरकडे पाठव." (म्हणजे कायमचा देऊन टाक.) मी म्हणते, अरे, तीनशे सीपी जास्त आहे, असा कसा टाकून देऊ? त्यावर तो कपाळाला हात लावतो आणि कारण काही सांगत नाही. त्यालाही ते माहीत नसावं असा मला दाट संशय आहे.

तर प्रश्न असे. सीपी म्हणजे ताकद नव्हे का? तारे एवढे महत्त्वाचे तर जास्त ताऱ्यांवाल्याचा सीपी कमी कसा? आणि तिसरं म्हणजे, परवा एका व्हिडिओत एक मुलगा हल्ल्याचा बार पूर्ण रिकामा असलेला पोकेमॉन सापडला म्हणून नाचत होता. हे काय प्रकरण आहे?

गणिताचं वावडं नाही. कागद-पेन घेऊन करता येईल असं कुणी सांगितलं तर आवडेल.

टिवल्याबावल्या

अ‍ॅप टाका, स्क्रीनशॉट द्या, उत्तर घ्या. कागद-पेन कशाला? फक्त गेमचा लॉगिन-पासवर्ड मागणाऱ्या अ‍ॅपच्या वाटेला जाऊ नका. असल्या अ‍ॅपपायी अकाउंट गमावून बसाल. नुसता स्क्रीनशॉट वाचणारं चालेल.

बाकी भाचा बरोबर बोलतोय. तीन तारेवाला ठेवा. विषय संपला.

खोडरबर

विषय कसला संपतोय, आत्ता कुठे सुरू होतोय.

अ‍ॅप वापरायला माझी ना नाही. पण धागाकर्तीने स्वतःहून कागद-पेन मागितलंय, आणि असे लोक वरचेवर भेटत नाहीत, त्यामुळे प्रतिसाद लांबणार आहे. ज्यांना कंटाळा येईल त्यांनी थेट खाली जावं.

आधी सीपीचा दरारा काढून टाका. लढाई सुरू झाली की गेम सीपीकडे ढुंकूनही बघत नाही. फटका किती बसला, किती झेलला, हे सगळं हल्ला, बचाव आणि एचपी या तीन आकड्यांवर ठरतं. सीपी हा त्या तिघांना एकत्र करून वर लावलेला फलक आहे. वार्षिक परीक्षेच्या टक्केवारीसारखा: पोरगं हुशार की नाही याचा अंदाज येतो, पण गणितात किती आणि भाषेत किती ते त्यावरून कळत नाही.

सूत्र हे असं:

सीपी = (हल्ला + आयव्ही) × √(बचाव + आयव्ही) × √(एचपी + आयव्ही) × सीपीएम × सीपीएम ÷ १०

उत्तरातला अपूर्णांक टाकून द्यायचा. १० पेक्षा कमी आलं तरी गेम १० च दाखवतो.

यातले हल्ला-बचाव-एचपी हे त्या जातीचे मूळ आकडे. जगातल्या प्रत्येक मशॅम्पचे ते सारखेच: हल्ला २३४, बचाव १५९, एचपी २०७. आयव्ही म्हणजे प्रत्येकाला जन्मतः मिळालेली वरकड, तिन्ही रकान्यांत ० ते १५. अप्रेझमध्ये दिसतात ते हेच बार, पाच-पाचाचे तीन तुकडे. ताऱ्यांचा हिशोब याच तिघांच्या बेरजेवर चालतो: २२ पर्यंत शून्य तारे, २३ ते २९ एक, ३० ते ३६ दोन, ३७ ते ४४ तीन, आणि ४५ पैकी ४५ असतील तर चौथा. तुमच्या पहिल्याची बेरीज २४, दुसऱ्याची ४२.

आता सीपीएम. गेम जो आकडा सरळ दाखवत नाही तो हाच. प्रत्येक पोकेमॉनला स्वतःची लेव्हल असते (तुमची ट्रेनर लेव्हल वेगळी), आणि प्रत्येक लेव्हलला एक ठरलेला गुणक. वरच्या अर्धवर्तुळावरचा ठिपका लेव्हलच सांगत असतो, पण त्यावरून आकडा वाचणं महाकठीण. वहीत एवढे लिहून ठेवले तरी काम भागतं:

लेव्हल १५: ०.५१७४
लेव्हल २०: ०.५९७४
लेव्हल २५: ०.६६७९
लेव्हल ३०: ०.७३१७
लेव्हल ४०: ०.७९०३
लेव्हल ५०: ०.८४०३

लेव्हल ओळखायची सोपी खूण म्हणजे पॉवर अपचा भाव. २५०० मागतो म्हणजे लेव्हल १९ ते २०.५ मध्ये कुठेतरी. ४००० मागतो म्हणजे २५ ते २६.५. अर्धी लेव्हल पॉवर अप केल्याशिवाय येत नाही आणि तुम्ही ते केलेलं नाही, म्हणून १९.५, २०.५ वगैरे बाद. पहिला २५ किंवा २६, दुसरा १९ किंवा २०. (अदलाबदलीत नशिबाने मिळणाऱ्या लकी पोकेमॉनला निम्मा भाव लागतो, टीम रॉकेट या खलनायकांकडून मिळणाऱ्या शॅडोला जास्त, शॅडो शुद्ध केलेल्याला थोडा कमी. त्यांच्या बाबतीत हा तक्ता जसाच्या तसा लावू नका.)

आता पहिला मशॅम्प घ्या. हल्ला २३४ + ३ = २३७. बचाव १५९ + १० = १६९, आणि त्याचं वर्गमूळ चक्क १३! असा आयता वर्ग मिळाला की माझा दिवस चांगला जातो. एचपी २०७ + ११ = २१८, वर्गमूळ १४.७६४८. तिघांचा गुणाकार ४५,४९०. लेव्हल २५ धरून ०.६६७९३४ ने दोनदा गुणा, दहाने भागा: २०२९.४९. स्क्रीनवर २०२९. एचपी तपासा: २१८ × ०.६६७९३४ = १४५.६, स्क्रीनवर १४५. दोन्ही जुळले, म्हणजे लेव्हल २५ पक्की.

दुसरा: २४८ × √१७४ × √२२० = ४८,५२२. लेव्हल २० चा गुणक लावला की १७३१.६८. जुळलं.

म्हणजे फरक लेव्हलचा आहे. दुसऱ्याचा गुणाकार मोठा असूनही गुणक लहान, म्हणून सीपी कमी. दोघांना एका लेव्हलवर आणून बघा:

लेव्हल २५: पहिला २०२९, दुसरा २१६४
लेव्हल ४०: पहिला २८४१, दुसरा ३०३०

तिन्ही बार भरलेला मशॅम्प लेव्हल ४० ला ३०५६ होतो आणि तिन्ही बार रिकामे असलेला २६५१. म्हणजे नशीब कितीही फुटकं निघालं तरी सीपीत नुकसान साधारण १३ टक्के. लेव्हल २० वरून ३० वर गेलं तर नुसता गुणकच २२ टक्क्यांनी वाढतो, आणि तो तिन्ही आकड्यांना लागतो. भाचेबुवांना हे जरूर दाखवा.

आता मुद्द्याचं. आज संध्याकाळीच रेड असेल तर पहिलाच उतरवा. त्याचा प्रत्यक्ष हल्ला २३७ × ०.६६७९ = १५८.३. दुसऱ्याचा २४८ × ०.५९७४ = १४८.२. आजच्या घडीला एक तारावालाच जोरात मारतो. दुसरा लेव्हल २३ ला पोचला की हल्ल्यात त्याच्या पुढे जातो. तिथवर जायला २५०० चे दोन आणि ३००० चे चार पॉवर अप, म्हणजे १७,००० स्टारडस्ट. लेव्हल २५ पर्यंत ३१,०००.

तेव्हा स्टारडस्ट घालायचं ते दुसऱ्यावर. पण तो तयार होईपर्यंत पहिल्याला प्रोफेसरकडे पाठवायची घाई कसली? सहा जणांची टीम लागते. जागा अडत नसेल तर राहू दे.

टिवल्याबावल्या

हे सगळं वाचायला लागला त्या वेळात माझी एक रेड झाली.

पण एक विचारतो. बार तर आता गेमच दाखवतो. मग "छुपे आकडे काढणे" वगैरे आता उरलंय कुठे?

खोडरबर

रेडबद्दल अभिनंदन.

प्रश्न रास्त आहे. २०१९ मध्ये अप्रेझचे हे बार आले. त्याआधी टीम लीडर नुसतं एखादं मोघम वाक्य बोलायचा आणि आपण उरलेलं ताडायचं. २०१६ मध्ये गेम आला तेव्हा तर तेही नव्हतं. लोक सीपी, एचपी आणि पॉवर अपचा भाव एवढ्यावरून आयव्ही काढत. पद्धत अजून चालते, आणि मला विचाराल तर या गेममध्ये डोक्याला खाऊ देणारा तोच एक भाग आहे.

पारिजातताईंचाच दुसरा मशॅम्प घ्या आणि बार दिसत नाहीत असं समजा. माहीत काय? सीपी १७३१, एचपी १३१, भाव २५००, अंड्यातून आलेला.

आधी एचपी धरायचा, कारण त्यात एकच अज्ञात आहे. अपूर्णांक टाकून १३१ आले, म्हणजे खरा आकडा १३१ ते १३२ च्या मधला. लेव्हल २० धरून दोन्ही टोकांना ०.५९७४ ने भागा: २१९.२८ आणि २२०.९६. मधे एकच पूर्णांक आहे, २२०. २०७ वजा केले की १३. एचपीचा बार सापडला. लेव्हल १९ धरलीत तर एचपीची आयव्ही किमान १८ यायला हवी, जी असूच शकत नाही. म्हणून १९ बाद.

मग सीपीला तीच वागणूक द्या. १७३१ ते १७३२ ला उलटं सोडवत गेलात की (२३४ + हल्ला) × √(१५९ + बचाव) ही रक्कम ३२७०.०६ ते ३२७१.९५ यांच्यामध्ये हवी. बचाव १५ घातला तर कंसातला हल्ला २४७.९० ते २४८.०५. त्यात २४८ बसतो, म्हणजे हल्ला १४. बचाव १४ घातला तर २४८.६२ ते २४८.७६, मधे पूर्णांकच नाही. १३ घातला तर हल्ला २४९ च्याही वर जातो, आणि २३४ + १५ = २४९ ही तर कमाल मर्यादा. त्याखाली जायचं कारणच उरत नाही.

४०९६ शक्यतांतून एकच उरली: १४/१५/१३. एकही बार न बघता. दरवेळी इतकं स्वच्छ उत्तर येत नाही हेही सांगतो. लहान पोकेमॉनमध्ये बऱ्याच जोड्या उरतात, आणि सीपी १० वाला असेल तर हात टेका, कारण १० च्या खालचे सगळेच तिथे १० म्हणून उभे असतात.

उगम माहीत असेल तर चाळणी आणखी बारीक होते. अंडं, रेड आणि रिसर्चमधून आलेल्यांना प्रत्येक रकान्यात किमान १० मिळतात. लकी ट्रेडला किमान १२. हवामानाचा जोर असताना जंगलात पकडलेल्याला किमान ४, आणि लेव्हलही पाचने वर. म्हणून तर चार तारेवाला जंगलात ४०९६ त एक, रेडमध्ये २१६ त एक आणि लकीमध्ये ६४ त एक. पारिजातताईंच्या पहिल्याचा हल्ला ३ आहे, त्यावरून तो सापडला तेव्हा हवामान त्याच्या बाजूने नव्हतं एवढं मी इथे बसून सांगू शकतो.

शून्यपंधरा

तिसऱ्या प्रश्नाचं उत्तर माझ्याकडून, आयडीवरून ओळखलं असेलच. तो नाचणारा मुलगा मी नव्हे, पण मीही नाचलो असतो.

खोडरबरांनी सूत्र दिलंय, ते परत बघा. हल्ला अख्खा गुणला जातो. बचाव आणि एचपी वर्गमुळात जातात. म्हणजे सीपी वाढवण्यात हल्ल्याचा हात सगळ्यात मोठा. रेडमध्ये याने काही बिघडत नाही. पण खेळाडूंच्या आपसातल्या लढतींच्या ग्रेट लीगमध्ये १५०० सीपीच्या वर प्रवेशच नाही! (अल्ट्राला २५००, मास्टरला मर्यादा नाही.) आता सीपीचं बजेट ठरलेलं असताना सगळ्यात महाग वस्तू कशाला घ्यायची? हल्ला शून्य ठेवायचा, वाचलेल्या सीपीत लेव्हल वाढवायची, लेव्हलबरोबर बचाव आणि एचपी दोन्ही वर.

उदाहरण अझूमॅरिलचं देतो, कारण तिला हे सगळ्यात शोभतं. मूळ आकडे ११२ / १५२ / २२५.

१५/१५/१५ वाली १५०० च्या आत बसवायची तर लेव्हल ३६ ला थांबावं लागतं, सीपी १४९७. प्रत्यक्ष हल्ला ९७.५, बचाव १२८.२, एचपी १८४.

०/१५/१५ वाली थेट लेव्हल ४५.५ पर्यंत जाते, सीपी १४९९. हल्ला ९१.६, बचाव १३६.६, एचपी १९६.

हल्ल्यात सहाएक टक्के गमावले, पण बचाव आणि एचपी दोन्हींत तेवढेच कमावले. तिघांचा गुणाकार केला तर जवळजवळ पावणेसात टक्के फायदा. म्हणजे "परफेक्ट" चार तारेवाली इथे दोन तारेवालीकडून मार खाते. ० + १५ + १५ = ३०, तारे दोनच!

अवांतर: ग्रेट लीगमधले चांगले पोकेमॉन लोक "दोनच तारे" म्हणून ट्रान्स्फर करतात तेव्हा माझा जीव तुटतो.

खोडरबर

पूर्ण सहमत, फक्त खर्चाचा भाग तुम्ही सोयीस्करपणे गाळलात. लेव्हल ४० च्या पुढे प्रत्येक पॉवर अपला एक्सएल कँडी (साध्या कँडीपेक्षा वेगळी) लागते. ४० ते ५० पूर्ण करायचं तर २९६ एक्सएल आणि अडीच लाख स्टारडस्ट. ४५.५ ला त्यातलं बरंच गळतं. नव्या खेळाडूने पावणेसात टक्क्यांसाठी तिकडे वळू नये.

शिवाय हल्ला शून्य असण्याचा एक तोटाही आहे. दोघांनी एकाच क्षणी चार्ज्ड मूव्ह (ऊर्जा साठवून मारायचा मोठा फटका) मारली तर ज्याचा हल्ला जास्त त्याची आधी जाते. दोन अझूमॅरिल समोरासमोर आल्या आणि दोघींचा जीव एका फटक्यावर असला, तर तुमची ०/१५/१५ वाली आधी झोपणार.

शून्यपंधरा

मान्य. आणि हो, तसं झालंय माझं. त्यावर बोलायचं नाही.

चकवा

इतके दिवस रोमात (नुसता वाचत) होतो, या धाग्याने बाहेर काढलं. मशॅम्पचे हे २३४, १५९, २०७ आले कुठून? कुणीतरी असेच ठरवले का? जुन्या हातातल्या कन्सोलवरच्या गेममध्ये मशॅम्पचा हल्ला १३० आणि एचपी ९० होता हे मला पक्कं आठवतं.

खोडरबर

चकवाराव, तुमचे ९० आणि १३० घेऊनच सुरू करू. गो मधले आकडे त्यांच्यापासूनच काढलेत.

एचपी सोपा: मूळ एचपीला १.७५ ने गुणा, ५० मिळवा. ९० × १.७५ + ५० = २०७.५, अपूर्णांक टाकून २०७. ब्लिसीचा मूळ एचपी २५५, म्हणून तिला ४९६ मिळाले, आणि म्हणूनच ती जिममध्ये बसली की उठता उठत नाही.

हल्ल्यात थोडी गंमत आहे. जुन्या गेममध्ये हल्ले दोन असतात, साधा आणि स्पेशल. मशॅम्पचे १३० आणि ६५. गो मध्ये रकाना एकच. म्हणून मोठ्याचे सात अष्टमांश, लहानाचा एक अष्टमांश, बेरीज दुप्पट: २४३.७५, म्हणजे २४४. मग वेगाचा हिशोब. जुन्या गेममधला वेग ७५ हा मध्य मानलाय. मशॅम्पचा ५५, वीसने कमी, म्हणून चार टक्के कापले. २४४ × ०.९६ = २३४.

बचावातही दोन रकाने, ८० आणि ८५. पण तिथे मोठ्याचे पाच अष्टमांश आणि लहानाचे तीन, असं २०१८ पासून आहे. १६६ होतात, वेगाची कात्री लागून १५९.

आयव्हीचंही तसंच. मूळ मालिकेत आता ० ते ३१ असतात, गो मध्ये ० ते १५. गो मधून पोकेमॉन होममध्ये (पोकेमॉन एका गेममधून दुसऱ्यात न्यायची सेवा) पाठवला की प्रत्येक आयव्ही दुप्पट अधिक एक होते: १५ चे ३१, ० चा १. वेगाची आयव्ही गो मध्ये नाहीच, ती तिकडे नशिबाने ठरते. मूळ मालिकेतल्या ईव्ही, नेचर वगैरे भानगडी गो मध्ये नाहीत. मला विचाराल तर बरंच झालं.

पारिजात

बाप रे, किती मिळालं एका प्रश्नात! सगळ्यांचे आभार.

कागद घेऊन बसले आणि दोन्ही मशॅम्पचे आकडे स्वतः काढले, जुळले. भाच्याला १५८ आणि १४८ दाखवले. तो बराच वेळ कॅल्क्युलेटर बडवत होता. नंतर म्हणाला, "हो, पण रेडमध्ये आयव्हीच्या ५ टक्क्याने काय फरक पडतो?" म्हणजे आता तो माझ्याच बाजूने माझ्याशी भांडतोय.

दोन शंका राहिल्यात. एक, खरंच पडतो का फरक?

दुसरी, मला नंतर आठवलं की टीम रॉकेटला हरवून मिळालेला एक शॅडो मशॅम्पही पडलाय. १३/९/८, दोन तारे. शुद्ध केला तर सगळे बार दोन-दोनने वाढतात असं दिसतंय. करून टाकू?

खोडरबर

पहिल्या शंकेचं उत्तर असं की कधी पडतो, कधी अजिबात नाही. एका फटक्याचं नुकसान = ½ × मूव्हची ताकद × (माझा हल्ला ÷ त्याचा बचाव) × बाकीचे गुणक, अपूर्णांक टाकायचा, आणि मग एक मिळवायचा. या "अपूर्णांक टाकायचा" मध्ये सगळं आहे. हिशोब १०.९८ आला तर फटका ११ चा. हल्ला किंचित वाढून ११.०१ झाला तर १२ चा. आणि १०.१ वरून १०.९ पर्यंत वाढवत नेलात तर स्टारडस्ट गेलं, फटका तोच. जलद मूव्ह एका लढतीत पुष्कळदा बसते, त्यामुळे तो एकेक जमत जातो. पण कुठल्या बॉससमोर कुठे ही पायरी लागते ते बघितल्याशिवाय आयव्हीवर जीव टाकण्यात अर्थ नाही.

त्यापेक्षा बाकीचे गुणक बघा. स्वतःच्या प्रकाराची मूव्ह असेल तर १.२. समोरचा त्या प्रकाराला कच्चा असेल तर १.६, दुहेरी कच्चा असेल तर २.५६. टायरॅनिटर रॉक आणि डार्क, दोन्ही फायटिंगला कच्चे, म्हणून मशॅम्प तिथे हिरो. हवामान जुळलं तर आणखी १.२. या रांगेत आयव्हीचे पाच टक्के सगळ्यात शेवटी उभे आहेत. मूव्ह चुकीची असेल तर चार तारे शोभेचे.

भाच्याला दुसरंही एक गणित द्या. २० ते ३० लेव्हलला ७५ हजार स्टारडस्ट लागतं आणि गुणक २२ टक्क्यांनी वाढतो. ३० ते ४० ला दीड लाख, आणि वाढ फक्त ८ टक्के. एक मशॅम्प ४० ला नेण्याऐवजी मी त्याच पैशात तीन मशॅम्प ३० ला नेईन. रेडमध्ये सहा लागतातच.

आता शॅडो. नका करू शुद्ध! शॅडोला हल्ल्यात २० टक्के जादा मिळतात, आणि ते सीपीत कुठेही दिसत नाहीत. हाच तर सीपीचा सगळ्यात मोठा लबाडपणा. तुमचा शॅडो: (२३४ + १३) × १.२ = २९६. शुद्ध केल्यावर १५/११/१०: २४९. तारे दोनचे दोनच राहतील आणि हल्ला ४७ ने उतरेल. बचाव शॅडोचा पडतो हे खरं, १६८ चा १४० च्या आसपास धरा, म्हणजे तो लवकर आडवा होईल. पण तिघांना एका लेव्हलवर आणलं की पडायच्या आधी बाकी दोघांपेक्षा जास्त मारून जाईल. शुद्ध करणं परवडतं ते किमान १३/१३/१३ असलेला शॅडो हाती लागला आणि चार तारे हवेच असतील तर. तेव्हाही मी दोनदा विचार करीन.

शून्यपंधरा

+१. आणि ताई, त्याची चार्ज्ड मूव्ह बघितली का? फ्रस्ट्रेशन (शॅडोंना मिळणारी कुचकामी मूव्ह) असणार. ती असेपर्यंत २९६ हल्ल्याचा काही उपयोग नाही.

पारिजात

बघितली. फ्रस्ट्रेशनच आहे. चार्ज्ड टीएम (चार्ज्ड मूव्ह बदलायची वस्तू) लावून बघितला, लागतच नाही.

शून्यपंधरा

एरवी नाहीच लागत. टीम रॉकेटचे खास इव्हेंट येतात, तेव्हाच ती मूव्ह काढता येते. इव्हेंटच्या माहितीत तसं स्पष्ट लिहिलेलं असतं. दोनचार चार्ज्ड टीएम बाजूला ठेवा, इव्हेंट लागला की आधी फ्रस्ट्रेशन काढा, डायनॅमिक पंच येईपर्यंत टीएम फिरवा, जलद मूव्ह काउंटर आहे का बघा. स्टारडस्ट त्यानंतर. तोवर अंड्यातला वाढवत राहा.

पारिजात

ठीक. शॅडोला फेव्हरिटचा तारा लावून ठेवला, म्हणजे भाच्याच्या हातात फोन गेला तरी तो प्रोफेसरकडे जायचा नाही. अंड्यातला आत्ताच लेव्हल २३ ला नेला, १७ हजार गेले, सीपी १९९० च्या वर दिसतोय.